हौशी वल्हेकऱ्याचा बाप

आमच्या खाडीच्या तोंडाशी, रेवसच्या अलीकडच्या वळणावर, साहेबांनी एक बोट क्लब काढला होता. कधी काढला ते दारावरच्या पाटीवर कोरलं होतं, पण खाऱ्या वाऱ्यानं आकडे झिजून गेले आणि नुसतं 'स्थापना' एवढंच उरलं. लांबट कौलारू शेड, पाण्यात उतरणारा दगडी उतार, वर व्हरांडा आणि व्हरांड्यात वेताच्या खुर्च्या. सत्तेचाळीस साली साहेब गेले. जाताना चार शर्यतीच्या होड्या, एक पितळी घंटा, जिंकलेल्यांच्या नावांचा सोनेरी अक्षरांचा फळा आणि नियमांचं पुस्तक मागं ठेवून गेले. दोन होड्या वाळवीनं खाल्ल्या, घंटा कुणीतरी नेली. नियमांचं पुस्तक मात्र शाबूत राहिलं.

ते पुस्तक वकीलसाहेबांच्या हाती पडलं. वकीलसाहेब अलिबागच्या कोर्टात जायचे आणि साहेब गेल्यावर क्लबाचे सेक्रेटरी झाले होते. पुस्तकात पहिलाच नियम असा, की हा क्लब हौशी लोकांचा. हौशी कोण? तर जो हातानं मजुरी करत नाही आणि जो वल्ह्यावर पोट भरत नाही, तो. आता आमच्या खाडीवर बघा. दोन्ही काठांना कोळ्यांची घरं, मागं आगरी. पाच वर्षांचं पोर होडी हाकतं, म्हातारी पलीकडच्या बाजाराला स्वतः वल्हवत जाते. ते सगळे बाद. उरले कोण, तर मामलेदार कचेरीतला कारकून, पोस्टमास्तर, भाताच्या गिरणीवाल्याचा मुलगा आणि डॉक्टर. म्हणजे ज्याला वल्हवता येतं त्याला बंदी आणि ज्याला येत नाही त्याला पांढरा गणवेश. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात. इथं सुंभ बोटीत बसून विलायतेला गेला आणि पीळ वकीलसाहेबांकडं ठेवून गेला.

दर हिवाळ्यात मुंबईचा एक क्लब आमच्या क्लबाशी शर्यत लावायला यायचा. आमचे हरायचे. मग व्हरांड्यात दोन्हीकडचे लोक लिंबू सरबत प्यायचे, कारण तोवर दारूबंदी आली होती, आणि वकीलसाहेब इंग्रजीत भाषण करायचे. हरण्यात मोठेपणा कसा असतो यावर ते पाऊण तास बोलू शकत. सरावच होता त्यांना.

माझा बाप त्याच खाडीत तर चालवायचा. म्हणजे या काठाची माणसं त्या काठाला न्यायची आणि तिकडची इकडं आणायची. दिवसाच्या आठ-दहा फेऱ्या, भरती असो की सुकती. तो उभ्यानं वल्हवायचा, दोन्ही वल्ही पुढं ढकलत, तोंड जायच्या दिशेला. मला त्यानंच शिकवलं. शिकवलं म्हणजे काय, सहा वर्षांचा असताना होडीत उभं केलं, स्वतः मागं बसला आणि विडी पेटवली. चुकलं की पाठीत पायाचा अंगठा टोचायचा. बरोबर झालं की काही म्हणायचा नाही. पंधराव्या वर्षापर्यंत माझ्या पाठीला अंगठा लागेनासा झाला, त्यावरून मी समजून घेतलं.

पण बापानं मला शाळेतही घातलं. मी सातवीची फायनल पास झालो आणि लोकल बोर्डाच्या शाळेत मास्तर लागलो. कोळीवाड्यातला पहिला मास्तर. पांढरी टोपी, पांढरा लेंगा, आणि शाळा सुटल्यावर बापाची एखादी फेरी मी मारायचो. अशाच एका फेरीत वकीलसाहेब बसले होते. सुकती जोरात होती, तरी मी होडी सरळ रेषेत पलीकडं लावली. वकीलसाहेब उतरले, पुन्हा मागं फिरले आणि चष्मा पुसत म्हणाले, "मास्तर, तुम्ही पगार शाळेचाच घेता ना?"

"शाळेचाच."

"मग तुम्ही हौशी झालात की हो!"

मला काय ठाऊक मी कोण ते. झालो म्हणाले, झालो.

तर असा मी क्लबात गेलो. एक कागद भरायचा होता. त्यात लिहिलं होतं, की मी वल्हवण्याबद्दल कधीही कुणाकडून मोबदला घेतलेला नाही. मी जरा थबकलो. तरीचे पैसे बापच घ्यायचा, हे खरं. फेरी माझी असली तरी उतारू काठावर बसलेल्या बापाच्या हातात आणा ठेवायचे. म्हणजे तसं बघितलं तर खोटं नव्हतं. खाली वडिलांचा धंदा लिहायचा होता. मी 'तरवाला' लिहायला लेखणी उचलली तर वकीलसाहेबांनी हात धरला. "होडीमालक लिहा," म्हणाले. होडी बापाचीच होती, तेही खोटं नव्हतं. मी लिहिलं. घरी येऊन बापाला सांगितलं, तर तो म्हणाला, "मालक तं मालक," आणि होडीतलं पाणी उपसायला गेला.

शर्यतीच्या होडीत उलटं बसायचं, जिकडं जायचं तिकडं पाठ करून. बुडाखालची फळी चाकांवर सरकते. चौघं वल्हवणार आणि पाचवा मागं सुकाणू धरून आमच्याकडं तोंड करून बसणार. तो सगळ्यात हलका असावा असं पुस्तकात लिहिलं होतं, पण वकीलसाहेब सेक्रेटरी होते. ते बसले की होडीची मागची बाजू नम्रपणे खाली जायची. सुरुवातीला मला फार जड गेलं. पण पाणी तेच होतं. पाणी कुठं ओढतं, कुठं सोडतं, वल्हं किती बुडवायचं, हे पाठमोरा बसलो म्हणून बदलत नाही. महिन्याभरात माझ्या मागचे तिघं माझ्या तालावर वल्हवायला लागले. कारकून चांगला होता, खरं सांगतो. गिरणीवाल्याचा मुलगा रेड्यासारखा दणकट होता आणि पोस्टमास्तर कधी कंटाळायचा नाही. त्यांना आजवर कुणी पाणी दाखवलं नव्हतं इतकंच.

आम्ही सराव करायचो तेव्हा बाप तरीतून बघायचा. एकदा शेजारून गेला तर म्हणाला, "पोरा, जितं जाचं तितं पाठ? वाटंत कोन आडवा आला तं?"

"वकीलसाहेब बघतात ना पुढचं."

बापानं वकीलसाहेबांकडं बघितलं. "मंग सांबाल," म्हणाला आणि गेला.

मला ती शर्यत जिंकायची होती. आता हसू येतं, पण तेव्हा जेवण गोड लागत नव्हतं. त्या फळ्यावर एकही आपलं नाव नव्हतं. सगळे साहेब. मी रोज त्या फळ्याखालून जायचो आणि माझं नाव तिथं कसं दिसेल, कुठल्या अक्षराला जागा कमी पडेल, असला मूर्खपणा मनात करायचो. कोळीवाड्यातही बोलबाला झाला होता. कोळणी मासे विकता विकता विचारायच्या, "मास्तर, कवा हाय तुमची उलटी शर्यत?"

शर्यत पुनवेची ठरली. पुनवेला भरती दुपारी बाराच्या सुमारास पुरी होते आणि पाणी थोडा वेळ थबकतं. तेवढ्यातच शर्यत. पुढं सुकती लागली की त्या नाजूक होड्या चिखलात बसतात.

आदल्या दिवशी मुंबईची मंडळी आली. संध्याकाळी बाप वाड्यात कुणाच्या साखरपुड्याला गेला होता आणि तरीवर माणसं खोळंबली होती. मी गेलो. पाच-सहा उतारू, त्यात गवती टोपी घातलेला एक उंच गृहस्थ. त्याला पलीकडून शर्यतीची जागा बघायची होती. मी नेलं. उतरताना त्यानं खिशातून पावली काढली आणि माझ्यापुढं धरली. आणि माझा हात पुढं झाला. बाप काठावर नव्हता, माणूस पैसे देत होता, होडी आमची होती. हात आपोआप जातो हो! तो माणूस मुंबईच्या क्लबाचा कप्तान निघाला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते असं.

सकाळी मी पांढऱ्या बनियनमध्ये व्हरांड्यात चढलो आणि कप्तानानं मला ओळखलं. माणूस वाईट नव्हता. चिडला नाही, ओरडला नाही. वकीलसाहेबांना बाजूला घेऊन शांतपणे म्हणाला, की तुमचा हा गडी भाड्यानं वल्हवतो, मी स्वतः त्याला पैसे दिलेत, नियमाप्रमाणे तो बसू शकत नाही आणि तो बसला तर आम्ही शर्यत खेळणार नाही.

मग व्हरांड्यातच सुनावणी सुरू झाली. टेबलामागं वकीलसाहेब, डॉक्टर आणि कप्तान. समोर मी, आरोपी. खाली उतारावर अर्धा कोळीवाडा जमलेला. दहा वाजून गेले होते आणि पाणी चढत होतं. वकीलसाहेबांनी विचारलं, "मास्तर, काय म्हणणं आहे?" मी तोंड उघडलं आणि तेवढ्यात खालून बाप म्हणाला, "होडी माजी हाय. मना इचारा."

तो वर आला नाही. पाय चिखलाचे होते आणि कुणी ये म्हणालंही नाही. पायऱ्यांच्या खालीच उभा राहिला, डोक्याचं फडकं हातात घेऊन.

"काल संध्याकाळी होडी कुणी वल्हवली?" वकीलसाहेबांनी विचारलं.

"मीच."

कप्तानाला हे इंग्रजीत सांगितलं तर तो माझ्याकडं बोट करून म्हणाला, की मी या माणसाला ओळखतो, हाच होता.

बाप म्हणाला, "सायबाला सांगा, उन्हाच्या तिरपीत सगले कोली सारकेच दिसतान."

काठावरचे हसले. साखरपुड्याला बापाच्या पंगतीत बसलेले चाळीस लोक तिथं उभे होते. एक जण बोलला नाही.

कप्तान चिवट होता. त्यानं विचारलं, की हा तुमचा मुलगा आहे, मग लहानपणापासून तुमच्या होडीवर काम करत असेलच ना? वकीलसाहेबांनी मराठीत सांगितलं. बापानं माझ्याकडं बघितलं नाही. पाण्याकडं बघत म्हणाला, "ह्यो? ह्याला वल्हवाया येत न्हाय, साहेब. दोन-चारदा वल्हा दिला हातात, होडी चिखलात घातली. काय कामाचा न्हाय म्हनून तं शालंत धाडला. मी माज्या होडीच्या वल्ह्याला ह्याला हात लावू देत न्हाय."

"मग इथं कसं जमतं?"

"हितं शिकला आसंल. वकीलसाहेबांनी शिकवला."

वकीलसाहेब खुर्चीत ताठ झाले. त्यांना ते पटलं, एवढं मी शपथेवर सांगतो. त्यांनी टाक शाईत बुडवून सगळं इंग्रजीत लिहून काढलं. अर्जदाराच्या पित्याच्या निवेदनाप्रमाणे अर्जदारास वल्हवण्याचे काहीही ज्ञान नव्हते आणि ते त्याने केवळ या क्लबात संपादन केले. मग कागद आणि शाईचा पॅड घेऊन डॉक्टर पायऱ्या उतरले. बापानं फडक्यानं हात पुसला आणि अंगठा दिला. कप्तानानं कागद वाचला, खांदे उडवले आणि ठीक आहे म्हणाला. पावली माझ्या घरी पाटावर पडलेली होती.

मी का बोललो नाही? बोलता आलं असतं. "काल मीच होतो, मला बापानं शिकवलं," एवढी दोन वाक्यं. मुलांना मी रोज खरं बोलण्याचे धडे द्यायचो. पण पाणी भरत आलं होतं, आणि फळा डोक्यावर होता, आणि मला बसायचं होतं त्या होडीत. लाज वाटली, खूप वाटली. पण आनंद लाजेपेक्षा थोडा जास्त झाला, हे लपवून काय उपयोग.

आम्ही जिंकलो. अडीच होड्यांच्या अंतरानं. वकीलसाहेबांना मागं बसवून जिंकलो म्हणजे खरं तर आणखी जास्त धरायला हवं. कप्तानानं येऊन माझा हात हातात घेतला, तळव्यावरचे घट्टे त्याच्या बोटांना लागले असणार, तरी तो काही म्हणाला नाही. वकीलसाहेबांचं भाषण त्या दिवशी पहिल्यांदाच जिंकण्यावर झालं आणि मी या तरुणाला शून्यातून घडवलं असं त्यात तीनदा आलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी तरीवर गेलो. बापाच्या चार फेऱ्या झाल्या होत्या, दमला होता. मी होडीत चढून वल्ह्याला हात घातला.

"ठेव तो वल्हा," बाप म्हणाला.

"म्हणजे?"

"मागं बस. पाशिंजर बसतान तितं."

"अहो बा, ते काल संपलं!"

"आंगठा दिलाय मी. पाच मान्सांत बोललो, ह्याला वल्ह्याला हात लावू देत न्हाय म्हनून. आता लावू दिला तं मी खोटा."

"पण ते खोटंच होतं ना!"

"तवा व्हता," बाप म्हणाला. "आता न्हाय."

मी आधी हसलो. मग चिडलो. मग आईनं मध्ये पडून पाहिलं. काही उपयोग झाला नाही. रागावला असता तर मी पाय धरले असते, पण तो रागावलेला नव्हताच. घरात नेहमीसारखा बोलायचा, माझ्या ताटात मोठा तुकडा टाकायचा, सोनेरी अक्षरात नाव रंगवलं तेव्हा पेंटरला शहाळं देऊन आला. फक्त होडीत मी उतारू. पुढं सात वर्षं आम्ही हरलो नाही. उरणपासून मुंबईपर्यंत कुठंही लोक म्हणायचे, की खाडीवरचा तो मास्तर बघा, काय वल्हवतो. आणि तो मास्तर रोज संध्याकाळी बापाच्या होडीत मागच्या फळीवर, हात मांडीवर ठेवून बसायचा, आणि साठीला आलेला बाप सुकतीत धापा टाकत त्याला पलीकडं न्यायचा. नवखे उतारू माझ्याकडं काय नजरेनं बघायचे! एका बाईनं तर तोंडावर सांगितलं, "एवढा धडधाकट हायेस, म्हाताऱ्याला मदत कर की." बाप म्हणाला, "त्याला येत न्हाय, बाय."

साठ साल उलटल्यावर कधीतरी कमिटीनं तो नियम काढून टाकला. मुंबईच्या लोकांनी आधी काढला होता, म्हणून आमच्यांनी काढला. मी क्लबातून धावत सुटलो तो थेट तरीवर. म्हटलं, बा, आता कुणीही वल्हवलं तरी चालतं, पैसे घेऊन वल्हवलं तरी चालतं, तो कागद रद्द झाला. बाप जाळं शिवत होता. त्यानं सगळं ऐकून घेतलं.

"नेम त्यांचा व्हता," म्हणाला, "त्यांनी काढला. आंगठा माजा हाय."

एवढ्यावर मी बोलणं सोडून दिलं. डोकं आपटून घ्यायला आमच्या घरी भिंतसुद्धा धड नव्हती, कारवीचा कूड होता.

तर पुढं दोन-तीन वर्षांनी बापाच्या छातीत दुखायला लागलं. आमचे क्लबातले डॉक्टर आले, नाडी बघितली आणि म्हणाले, मुंबईला न्या, आजच. रेवसहून दुपारची लाँच भाऊच्या धक्क्याला जायची, ती गाठायची होती. बापाला गोधडीवर घालून त्याच्याच होडीत ठेवलं. वल्ह्यावर माझा चुलतभाऊ उभा राहिला, कारण मी राहायचं नाही हे सगळ्या वाड्याला ठाऊक होतं. मी बापाचं डोकं मांडीवर घेऊन बसलो. ऊन लागू नये म्हणून आईनं त्याच्या तोंडावर ओला पंचा टाकला होता.

भरती लागली होती, पाणी तोंडावर येत होतं. चुलतभाऊ जीव तोडून ढकलत होता, पण त्याला काही ते पाणी कळेना. मध्यावरच घुसायचा. पंच्याखालून बाप म्हणाला, "काठानं घे रं. काठाला वढ कमी हाय." त्यानं काठानं घेतली तर पुन्हा बाहेर गेली. वळणावर आलो तेव्हा लांब लाँचचा धूर दिसला. लाँच रेवसच्या धक्क्याला लागलेली होती आणि आमची होडी जागच्या जागी डुलत होती.

मी बापाचं डोकं हळूच गोधडीच्या वळकटीवर ठेवलं आणि उठलो. चुलतभावानं माझ्याकडं बघितलं आणि वल्ही सोडली. बारा वर्षांनी ती वल्ही माझ्या हातात आली. मी होडी काठाला घेतली, ओढ चुकवली आणि बापासारखाच उभ्यानं, तोंड पुढं करून ढकलायला लागलो. होडी सरळ झाली.

पंचा हलला.

"आता कोन उबा राह्यला वल्ह्यावं?"

"तोच," मी म्हणालो. "चुलत्याचा."

"हां." पाणी होडीच्या अंगाला घासत होतं, तेवढाच आवाज. मग म्हणाला, "बरा वल्हवतंय की. कुनी शिकवला?"

मी वल्ही आणखी एकदा पुढं ढकलली. चुलतभाऊ मान फिरवून पाण्याकडं बघत बसला.

"त्याच्या बापानं," मी म्हणालो.

गोधडीच्या कडेनं बापाचा पाय हळूहळू पुढं सरकला, माझ्या पोटरीला लागला आणि तिथंच राहिला. अंगठा टोचला नाही.